ओसाकाच्या बाईला वऱ्हाडी बोलू द्या

गेल्या महिन्यात एका प्रकाशनाच्या संपादकांनी माझी चाळीस पानं परत पाठवली. निरोप सभ्य होता. अनुवाद चांगला उतरलाय, पण तुमच्या जपानी बायका वऱ्हाडी बोलतात, वाचकाला ते विनोदी वाटेल. त्यांचं बोलणं प्रमाण मराठीत करून द्या, मग पुढचं बोलू. मी ती पानं पुन्हा काढली, दोन संध्याकाळी मोठ्यानं वाचली आणि त्यांना कळवलं, की एवढी एक गोष्ट माझ्याकडून होणार नाही. कारण फोनवर पाच मिनिटांत सांगण्यासारखं नव्हतं. ते इथे सांगते.

पानं मिएको कावाकामी यांच्या ‘चिची तो रान’ची. ‘चिची’ म्हणजे छाती, स्तन. ‘रान’ म्हणजे बाईच्या पोटातलं बीज. आणि कोंबडीचं अंडं लिहायचं चिन्हही तेच. 2008च्या जानेवारीत या छोट्या कादंबरीला अकुतागावा पारितोषिक मिळालं. 1935 साली सुरू झालेलं, वर्षातून दोनदा दिलं जाणारं हे पारितोषिक नव्या लेखकाला मिळालं की जपानभर त्याचं नाव होतं. त्या वर्षी नाव झालं ते एका गायिकेचं.

कावाकामी यांचा जन्म 1976चा, ओसाका शहरातला. घर गरीब. चौदाव्या वर्षी वय वाढवून सांगून त्या कारखान्यात लागल्या. तिथे हीटर आणि पंखे बनत. पुढे पुस्तकांच्या दुकानात काम केलं, भावाच्या शिक्षणासाठी रात्री बारमध्ये होस्टेस म्हणून काम केलं. मग तोक्योला येऊन 2002 साली त्या गायिका झाल्या. 2004 आणि 2005 साली त्यांचे आणखी दोन अल्बम आले. दुसऱ्याच्या नावाचा मराठीत अर्थ लावायचा तर ‘डोक्यातलं आणि जग यांचं लग्न’ असा काहीसा लागेल. गाणी फारशी चालली नाहीत. त्यांच्यावरच्या लेखांत ही वर्षं एका ओळीत उरकतात: आधी गात असत, नंतर लिहू लागल्या. जणू गाडी चुकून भलत्या फलाटाला लागली होती आणि मग योग्य रुळावर आली.

मला हे वाचताना दर वेळी वाईट वाटतं. त्या गायल्या नसत्या तर ‘चिची तो रान’मधलं एक वाक्यही त्यांना तसं लिहिता आलं नसतं, असं माझं ठाम मत आहे. आणि ते वाक्य मराठीत आणायचं असेल तर आपल्यालाही आधी कानाने वाचावं लागेल.

जपानीत स्वराची चढउतार अर्थ बदलते. ‘हाशी’ हा शब्द घ्या. तोक्योत पहिलं अक्षर वर आणि दुसरं खाली गेलं की जेवायच्या काड्या, उलट झालं की पूल. ओसाकात बरोबर याच्या विरुद्ध. वर्गात चार वर्षं तोक्योची जपानी शिकलेल्या माणसाचे कान ओसाकाला पोचल्यावर पहिले काही महिने उपरे होतात. शिवाय ओसाकाचं आणखी एक लकबीचं वळण आहे: एका अक्षराचे शब्द तिथे ओढून म्हणतात. डोळा म्हणजे ‘मे’, तिथे ‘मेऽ’. हात ‘ते’, तिथे ‘तेऽ’. दात ‘हा’, तिथे ‘हाऽ’. कावाकामी यांची पहिली लघुकादंबरी 2007ची. तिच्यातल्या बाईला वाटत असतं की आपण म्हणजे जे काही आहोत ते मेंदूत नाही, दाढेत आहे. त्या पुस्तकाच्या नावातच ‘दात’ हा शब्द आहे आणि चिन्हापुढे त्यांनी लांबवण्याची रेघ ओढली आहे. ‘हाऽ’. ती रेघ पाहिली आणि मी पुस्तक मिटून थोडा वेळ बसून राहिले. पुस्तकाच्या नावात, वर चढवून, स्वतःच्या गल्लीचा स्वर. हे गाणाऱ्या माणसालाच सुचतं. त्यांच्या कवितासंग्रहाचं नावही असंच ओसाकाच्या ‘सोरा एए वा’वर, म्हणजे ‘ते बरंच की’ अशा सुरावर संपतं. त्याला नाकाहारा चूया यांच्या नावाचं कवितेचं पारितोषिक मिळालं.

ओसाकात मी दोन वर्षं होते, दुभाषी म्हणून, यंत्रांच्या सुट्या भागांच्या एका कारखान्यात. भाड्याच्या खोलीतली न्हाणी फार लहान होती म्हणून आठवड्यातून दोनदा सेन्तोला, म्हणजे सार्वजनिक स्नानगृहाला जायची. बायकांचा भाग वेगळा. ओळीने लाकडी बुटकी स्टुलं, पिवळी प्लास्टिकची टमरेलं, भिंतीवर निळा डोंगर रंगवलेला, आणि वाफेत बसून पाठ घासत एकमेकींशी बोलणाऱ्या म्हाताऱ्या. पहिल्या संध्याकाळी शेजारची आजी माझ्याकडे वळून म्हणाली, “अन्ता, दोक्कारा कितान्?” माझ्या पाठ्यपुस्तकात हा प्रश्न ‘दोको कारा किमाशिता का’ असा होता. मला अर्थ लागायच्या आधी सूर लागला. माझी मावशी नव्या सुनेला असंच विचारायची, “कोन्त्या गावची वं तू?” तीच सलगी, तोच हक्क, उत्तर येईपर्यंत न हलणारी तीच नजर. मी अकोल्याची. पुण्यात कॉलेजात आले तेव्हा वक्तृत्वाच्या तालमीत एका प्राध्यापकांनी सगळ्यांसमोर माझं ‘मले’ आणि ‘तुले’ म्हणून दाखवलं होतं. वर्ग हसला. त्यानंतर मी ते शब्द पुण्यात काढलेच नाहीत, तीस वर्षं. त्या गरम पाण्याच्या वाफेत, जपानमध्ये, ते माझ्या तोंडाशी आले.

म्हणून 2008 साली ओसाकाच्या एका जुन्या सहकारी बाईंनी ‘बुंगेइ शुंजू’ मासिकाचा अंक टपालाने पाठवला, तेव्हा मी तो डोळ्यांनी वाचलाच नाही. अकुतागावाची निवड झालेली कथा या मासिकात पूर्ण छापतात. पहिल्या पानापासून मी ती पुटपुटत वाचली. गोष्ट दोन-तीन दिवसांची आहे. नात्सुको तोक्योत एकटी राहते. तिची मोठी बहीण माकिको ओसाकात बारमध्ये काम करते. चाळिशीला आलेली, शरीर वाळलेलं, आणि तिने मनाशी घेतलंय की छाती वाढवायची शस्त्रक्रिया करायची. त्यासाठी ती तोक्योला बहिणीकडे येते. सोबत मुलगी मिदोरिको, वयात येणारी. ती सहा महिने आईशी बोललेली नाही. वहीत लिहून दाखवते, तोंड उघडत नाही. दोघी बहिणी सेन्तोला जातात आणि माकिको तिथल्या बायकांच्या छात्या न्याहाळत राहते. एवढंच घडतं. आणि हे सगळं ओसाकाच्या बोलीत चालतं. नुसते संवाद नाहीत, निवेदनसुद्धा. वाक्य सुरू होतं आणि स्वल्पविरामांवर श्वास घेत अर्धं पान चालत राहतं, मध्येच आठवण येते, मध्येच टोमणा, मध्येच उन्हाळ्याचा घाम, आणि मग कुठेतरी ते टेकतं.

ही लांब वाक्यं कुठून आली याचाही माग आहे. अशीच लांब वाक्यं लिहिणारी हिगुची इचियो नावाची एक लेखिका 1896 साली, वयाच्या चोविसाव्या वर्षी क्षयाने गेली. जपानच्या 5000 येनच्या नोटेवर 2004पासून वीस वर्षं तिचा चेहरा होता. तिच्या ‘ताकेकुराबे’ या कथेत मुलं आहेत, वेश्यावस्तीच्या कडेला वाढणारी, आणि नायिका मिदोरी. इचियोचं खरं नाव नात्सु. कावाकामी यांच्या पुस्तकातली मिदोरिको आणि नात्सुको ही नावं आता वेगळी ऐकू येतील. पुढे 2015 साली कावाकामी यांनी ‘ताकेकुराबे’ आजच्या जपानीत आणली. लोक बोली म्हटलं की अडाणीपण समजतात. इथे बोलीच्या मागे शंभर वर्षांचं साहित्य उभं आहे.

पारितोषिकाच्या परीक्षकांत शिन्तारो इशिहारा होते, तेव्हाचे तोक्योचे राज्यपाल. त्यांना हे पुस्तक आवडलं नाही. आपल्याच तालात चाललेली बडबड, ऐकायला त्रासाची, अशा आशयाचं त्यांनी लिहिलं. मला इशिहारांचा राग येतो तो एका कारणाने. त्यांना स्वतःला हेच पारितोषिक 1956 साली तेविसाव्या वर्षी मिळालं होतं, तरुणांच्या बेफाम जगण्यावरच्या कथेसाठी, आणि त्याच वर्षी तिच्यावर सिनेमा निघाला. त्यातून त्यांचा धाकटा भाऊ युजिरो पडद्यावर आला आणि मोठा नट-गायक झाला. तेव्हा जुन्या लोकांनी इशिहारांच्या भाषेवरही नाक मुरडलं होतं. ज्याच्या घरात कादंबरी, सिनेमा आणि गाणं एकत्र नांदले, त्याला एका बारमधल्या बाईचं बोलणं मात्र गोंगाट वाटावं! पण ‘ऐकायला त्रास’ हे त्यांचं निदान चुकीचं नव्हतं. ते पुस्तक ऐकायचंच आहे, हे त्यांनाही कळलं होतं.

कावाकामी यांच्याही सिनेमाचं सांगते. 2009 साली, लेखक ओसामु दाझाई यांच्या जन्मशताब्दीच्या वर्षी, तोमिनागा मासानोरी यांनी दाझाईंच्या ‘पान्दोरा नो हाको’ या कादंबरीवर चित्रपट केला. महायुद्ध नुकतं संपलंय, क्षयरोग्यांचं आरोग्यधाम, तरुण रुग्ण आणि परिचारिका. कावाकामी त्यात ताके-सान ही परिचारिका झाल्या आणि ‘किनेमा जुन्पो’ या 1919पासून निघणाऱ्या चित्रपट मासिकाने त्यांना त्या वर्षीची नवोदित अभिनेत्री ठरवलं. हे काम मी पाहिलं ते खूप नंतर. मला त्यातलं त्यांचं थांबणं लक्षात राहिलं. बोलायच्या आधी त्या किंचित श्वास घेतात आणि समोरच्याचं वाक्य पुरतं संपू देतात. त्यांच्या पानावरचा स्वल्पविराम असाच आहे. दाझाईंना अकुतागावा पारितोषिक हवं होतं, त्यासाठी त्यांनी परीक्षकांना काकुळतीची पत्रं लिहिली होती, आणि ते त्यांना कधी मिळालं नाही. ज्या बाईला ते मिळालं, ती त्यांच्या गोष्टीत पांढरी टोपी घालून उभी राहिली, याचं मला फार बरं वाटतं.

आता मूळ मुद्दा. कावाकामी यांचं नाव आपल्याकडे पोचलं ते इंग्रजीतून. 2022 साली त्यांची ‘हेवन’ ही कादंबरी आंतरराष्ट्रीय बुकरच्या अंतिम यादीत होती. त्याच वर्षी ते पारितोषिक गीतांजली श्री यांच्या ‘रेत समाधी’च्या इंग्रजी अनुवादाला मिळालं, म्हणून ती यादी आपल्या वाचकांनी निरखून पाहिली होती. त्याआधी 2020 साली इंग्रजीत ‘ब्रेस्ट्स अँड एग्ज’ आलं. नाव वाचून सगळे समजतात की हेच ते 2008चं पुस्तक. तसं नाही. 2019 साली कावाकामी यांनी त्याच माणसांना घेऊन ‘नात्सु मोनोगातारी’ ही मोठी कादंबरी लिहिली, जुनी गोष्ट तिच्या पहिल्या भागात नव्याने मांडली आणि निवेदन बरंचसं प्रमाण भाषेकडे नेलं. इंग्रजीत आलं ते हे. उत्तम कादंबरी आहे, तिच्या दुसऱ्या भागात लग्न न करता मूल हवं असलेल्या नात्सुकोची जी घालमेल आहे ती मी विसरू शकत नाही. पण 2008चं ते सलग, श्वासाश्वासाचं पुस्तक इंग्रजीत पूर्ण आलेलंच नाही. म्हणजे आपण इंग्रजीच्याच दारातून जपानीकडे जाणार असू, तर ते आपल्याला मिळणारच नाही.

आणि जे इंग्रजीत आलं, त्यातही ओसाका फार थोडं ऐकू येतं. माकिको अमेरिकेतल्या कुठल्याही शहरात राहणाऱ्या बाईसारखी बोलते. लुईझ हील कावाई या अनुवादिकेने त्याआधी मूळ पुस्तकाचा एक भाग इंग्रजीत केला होता आणि ओसाकासाठी मँचेस्टरची बोली वापरली होती. मी तो भाग वाचला तेव्हा मला मँचेस्टरचे निम्मे शब्द कळले नाहीत, पण माकिको कळली.

संपादकांचा आक्षेप मी हलका मानत नाही. वऱ्हाडी बोलली की माकिको अकोल्याची होते, ओसाकाची राहत नाही, हे खरं आहे. मीही त्यावर वर्षभर अडले. पहिल्या खर्ड्यात मी वाहवत गेले होते. माकिकोच्या तोंडी आमच्या म्हणी घातल्या, ताकोयाकी या तिथल्या पदार्थाचे जवळजवळ भजे केले. ते सगळं मी खोडलं. म्हणी काढल्या, देवाधर्माचे शब्द काढले, पदार्थ, गाड्या, रस्ते जसेच्या तसे ठेवले. ठेवलं काय, तर क्रियापदं, हाका आणि वाक्याची चाल. ‘करून राह्यली’. ‘कायले’. ‘मले सांग’. एवढ्यावर बाई उभी राहते आणि तिच्या पायाखाली ओसाकाच राहतं. आणि प्रमाण मराठीत बोलली तर ती कुठलीच राहत नाही, त्याचं काय? प्रमाण मराठी ही जणू पाण्यासारखी, रंग नसलेली, असं आपण धरून चालतो. अकोल्यातून येऊन पुण्याच्या वर्गात बसलेल्या मुलीला विचारा, त्या पाण्याला रंग आहे का.

विनोदी वाटेल, हे मात्र मी मान्य करणार नाही. वऱ्हाडी विनोदी वाटते, कारण नाटकांत आणि सिनेमांत आपण ती गड्याच्या, फजिती होणाऱ्याच्या तोंडी घातली. उद्धव शेळक्यांची ‘धग’ 1960 सालची. त्यातली कौतिक वऱ्हाडी बोलते, तेव्हा कोण हसतं? ओसाकाच्या बोलीचंही नेमकं हेच झालं होतं. मांझाई म्हणजे दोघांनी उभ्याने रंगवायचा विनोदी संवाद, तो ओसाकाचा. दूरदर्शनमुळे ती बोली देशभर पोचली ती हसवणाऱ्यांची बोली म्हणून. हारुकी मुराकामी कोबेच्या परिसरात, त्याच बोलीच्या मुलखात वाढले, तोक्योत जॅझचं कॅफे चालवलं, संगीताने त्यांची पानं भरलेली आहेत, पण कादंबऱ्या त्यांनी प्रमाण जपानीतच लिहिल्या. कावाकामी यांनी हसवणाऱ्यांची म्हणून ठरलेली तीच बोली एका थकलेल्या बाईच्या आणि मुक्या झालेल्या मुलीच्या दुःखाला दिली. मराठीत आणताना आपण तेवढंच काढून घेणार असू, तर कशाला आणायचं?

पुस्तकाच्या शेवटाकडे एक प्रसंग आहे. रात्र झालीये, स्वयंपाकघर, माकिको दारू पिऊन परतली आहे, आणि सहा महिने गप्प असलेली मिदोरिको तोंड उघडते. शेजारी अंड्यांचे खोके आहेत. मुलगी आईला खरं काय ते सांगायला सांगते, आणि एकेक अंडं स्वतःच्याच डोक्यावर फोडत जाते. आईही फोडते. बलक केसांतून ओघळतो. तिथे मुलीच्या तोंडात पुन्हा पुन्हा येणारा शब्द आहे ‘होन्मा’, म्हणजे खरं. तोक्योत याला ‘होन्तो’ म्हणतात. अर्थ एकच, शब्दकोशात शेजारी शेजारी सापडतील. पण ‘होन्तो’ ती शाळेत म्हणत असेल, ‘होन्मा’ घरात. सहा महिन्यांनी ती जे बोलते ते घरातल्या भाषेत बोलते, यावर तो सगळा प्रसंग तोललेला आहे. त्या मुलीला मी ‘आई, मला खरं सांग ना’ म्हणायला लावलं, की ती पुन्हा मुकी झाली.

पुण्यात जपानी शिकणाऱ्यांची गर्दी मी वीस वर्षं पाहते आहे, शिकवते आहे. परीक्षेच्या पायऱ्या चढत मुलं वरपर्यंत जातात आणि मग त्यांची सगळी जपानी यंत्रांच्या माहितीपुस्तिकांत आणि बैठकांत खर्च होते. पोट भरायला तेच लागतं, मीही तेच केलं. पण त्या शेकडो मुलामुलींत साताऱ्याच्या, नांदेडच्या, मालवणच्या, धुळ्याच्या घरातून आलेली कितीतरी आहेत, ज्यांच्याकडे थेट जपानीही आहे आणि आपल्या आजीची बोलीही. अनुवादक आणखी कुठून आणायचे? पुस्तकांच्या दुकानात मात्र जपान म्हटलं की पुढे येतं ‘इकिगाई’, जे दोघा स्पॅनिश लेखकांचं आहे. थेट जपानीतून मराठीत येणारी कादंबरी विरळा. प्रकाशकांना माझी विनंती आहे: या मुलांना दहा पानं करायला द्या. आणि त्यांच्याकडून आलेल्या पानांतली बोली दुरुस्त करू नका, ती मोठ्यानं वाचा.

दिवाळीला अकोल्याला गेले तेव्हा ती चाळीस पानं बरोबर नेली होती. मावशी आता ऐंशीच्या पुढे. ओसरीवर बसून लसूण सोलत होती. मी काही प्रस्तावना केली नाही, गोष्ट जपानची आहे एवढंच सांगितलं आणि वाचायला लागले. नावांना ती अडखळली नाही. सेन्तोचा प्रसंग आला तेव्हा हात थांबला, पुन्हा चालू झाला. अंड्यांचा प्रसंग वाचून झाल्यावर मी पान खाली ठेवलं. सुपात सोललेल्या पाकळ्या आणि फोलपटं तिने एकदा झटकून वेगळी केली.

“त्या मायनं आधीच सांगाले पायजे होतं पोरीले,” ती म्हणाली. मग सूप बाजूला सारून, “मंग? पुढं काय केलं तिनं, ऑपरेशन केलं का?”